नावेच्या फटीतलं लुगडं

झुंबरबाई चिंधीच्या बाबतीत फार कडक. घरात कुणी जुनं कापड टराटरा फाडायला घेतलं, की ती हातातलं काम टाकून उठते. "आडवं फाडू नका वं माय, उभं फाडा," म्हणते, कापड हिसकावून घेते, काठाला दातानं चीर देते आणि अशी सरळ पट्टी काढते की जणू फूटपट्टीनं आखलेली. मग ती पट्टी मांडीवर वळते, विनाकारण, आणि वळून झाली की उलगडून ठेवते. शेजारणी तोंडाला पदर लावून हसतात. म्हातारीला चिंध्यांचं वेड लागलंय, असं आळी धरून चालते. आळीचं काय, आळी काहीही धरून चालते.

वेड कसलं, ती तिची विद्या होती. चोपडा तालुक्यात तापीच्या काठी तिचं सासर, आणि सासर म्हणजे नावा बांधणाऱ्या मिस्तरींचं घर. पूल व्हायच्या आधी अलीकडची केळी, कापूस, नवऱ्या, वऱ्हाडं, सगळं नावेतूनच पलीकडे जायचं. बैलगाडी बैलांसकट चढेल अशी सपाट तळाची मोठी नाव तिचा नवरा उखर्डू बांधायचा. सागाच्या फळ्या, बाभळीच्या आडव्या बरगड्या, लोखंडी खिळे. पण फळीला फळी कितीही भिडवा, मध्ये केसाएवढी फट राहतेच, आणि पाण्याला केसाएवढी वाट रग्गड झाली. ती फट भरायचं काम घरच्या बाईचं. जुन्या सुती लुगड्याच्या उभ्या पट्ट्या काढायच्या, मांडीवर वळायच्या, गरम डांबरात बुचकळायच्या आणि बोथट पटाशीनं फटीत ठोकून बसवायच्या.

सासूनं हे काम शिकवताना दोन गोष्टी सांगितल्या होत्या. एक, सूत पाणी पितं, पिऊन फुगतं आणि फुगून फट धरतं. दुसरी, लुगडं घरच्याच बाईच्या अंगावरचं पाहिजे, कारण घरची बाई अंगावरचं देते तेव्हाच नाव घरी परत येते. पहिलीत शास्त्र होतं आणि दुसरीत श्रद्धा. पण म्हातारीनं दोन्ही एका दमात सांगितल्या, त्यामुळे सुनेला वाटलं, दोन्ही श्रद्धाच आहेत. घोटाळा तिथेच झाला, आणि तो निस्तरायला सासू जिवंत राहिली नाही.

एकोणीसशे नव्वद साली झुंबरबाई चोवीस वर्षांची होती. लग्नाला सात वर्षं झालेली, दोनदा कूस भरून रिकामी झालेली. तिसऱ्या खेपेला सहावा महिना लागला आणि त्याच महिन्यात भडगावला तिची आई वारली. आईचं एक लुगडं तिच्या वाट्याला आलं, धुऊन धुऊन सायीसारखं मऊ झालेलं. तान्ह्या बाळाला आजीच्या लुगड्यात गुंडाळलं की बाळ टिकतं, असं तिच्या माहेरी मानतात. दोन बाळं गमावलेल्या बाईला हे मानू नको म्हणून कोण सांगणार? तिनं ते लुगडं घडी करून डब्यात ठेवलं आणि रोज एकदा डबा उघडून त्याच्यावर हात फिरवू लागली.

तिकडे उखर्डूनं आयुष्यातली सगळ्यात मोठी नाव बांधायला घेतली होती. केळीवाले शालिग्राम पाटील यांची. फळ्या बसल्या, खिळे बसले, आणि एके सकाळी तो म्हणाला, "लुगडं काढ आते, फटी भरानी येळ व्हयनी." घरात फाडण्याजोगं सुती कापड तेवढंच होतं. बाकीचं सगळं आधीच्या नावांत गेलेलं, आणि बायका आता नायलॉन नेसू लागल्या होत्या. झुंबरबाईनं डबा उघडला, पुन्हा लावला, आणि स्वतःचं पोपटी नायलॉनचं पातळ काढलं. चोपड्याच्या बाजारातला कापडवाला तिला म्हणाला होता, "बाई, हे सात जन्म कुजणार नाही." मग बरंच की, तिनं मनाशी म्हटलं, नावेला न कुजणारं कापड मिळालं तर वाईट काय? शिवाय अंगावरचं होतं, म्हणजे सासूचा शब्दही राखला गेला. तिनं पट्ट्या काढल्या, वळल्या, डांबरात टाकल्या. डांबरात सगळ्या चिंध्या काळ्याच. उखर्डूला काही कळलं नाही.

श्रावणात ती नाव बुडाली. वर केळीचे घड, एक जुंपलेली गाडी आणि चार माणसं. मध्यावर गेल्यावर तळातून पाणी वर यायला लागलं, एका जागेतून नव्हे तर चहूकडून. माणसं पोहून निघाली. बैल जुंपलेले होते, त्यांना सोडवायला वेळ मिळाला नाही. झुंबरबाई आठ महिन्यांचं पोट घेऊन काठावर उभी होती, आणि बैलांची शिंगं पाण्याखाली जाताना तिनं डोळ्यांनी पाहिली. संध्याकाळी काठाच्या झुडपात तिला तीन चिंध्या अडकलेल्या सापडल्या. एका बाजूचं डांबर सोललं होतं आणि आतून पोपटी रंग दिसत होता. फुगल्या नव्हत्या, जशा ठोकल्या तशाच होत्या, पाण्याच्या दाबानं घसरून बाहेर आलेल्या. तिनं त्या पोलक्यात खुपसल्या, घरी आणल्या आणि चुलीत घातल्या. त्या धड जळाल्याही नाहीत. वितळून थेंब थेंब झाल्या आणि घरभर घाण वास सुटला.

नाव डोहात खोल गेली, वर गाळ बसला, कुणी काढली नाही. आणि कुणी दोष द्यायच्या आतच उखर्डू पाटलांच्या दारात जाऊन उभा राहिला. "सांधा मना व्हता. तोज उघडना," म्हणाला, म्हणजे माझाच सांधा उघडला. पाटील भला माणूस, त्यांनी त्याच्याकडे काही मागितलं नाही. पण उखर्डूनं त्यानंतर नावेला हात लावला नाही. दारं केली, खाटा केल्या, वखराचे दांडे केले. गावानं त्याचं नाव ठेवलं बुडव्या मिस्तरी. गाव असं नाव ठेवायला उशीर लावत नाही आणि मग ते नाव बदलतही नाही. पुढं पुढं तर कुणी परगावचा माणूस दारात येऊन विचारायचा, "बुडव्या मिस्तरीचं घर हेच का?" आणि हा आतून शांतपणे म्हणायचा, "हो, हेच. या." ते ऐकताना झुंबरबाईच्या हातातली भाकरी तव्यावर करपायची.

सांगायचं तिनं किती वेळा ठरवलं, त्याला मोजमाप नाही. पण आधी बाळंतपण आलं. लेक झाली, ज्योत्स्ना, आणि ती टिकली. आजीच्या लुगड्यात गुंडाळलेल्या त्या पोरीला मांडीवर घेऊन नवऱ्याला कसं सांगायचं, की हिला मऊ लागावं म्हणून तुझी नाव बुडाली? मग एक वर्ष गेलं, मग पाच गेली, आणि आधीच का नाही सांगितलं हा दुसरा गुन्हा पहिल्यावर चढला. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. ही मूठ झाकून झाकून तिची बोटं आखडायची वेळ आली, तरी ती उघडेना.

चौतीस वर्षं अशी गेली. ज्योत्स्ना जळगावला शिकली, इंजिनीअर झाली, हितेंद्र नावाच्या सालस मुलाशी लग्न करून फ्रान्समध्ये नोकरीला गेली. पहिल्या बाळंतपणाला तिची सासू गेली होती, दुसऱ्याला आईची पाळी आली. पासपोर्टसाठी झुंबरबाई एसटीनं धुळ्याला गेली. तिथल्या यंत्रावर तिच्या बोटांचे ठसे उमटेनात. पट्ट्या वळून आणि पटाशी धरून बोटं गुळगुळीत झालेली. समोरच्या मुलीनं प्रेमानं तिची बोटं पुसली, दाबली, पुन्हा ठेवली. सहाव्यांदा उमटले. उखर्डू म्हणाला, "जाय, पोरगीना घर दखी ये. मी काय, भाकर थापी लिसू." तिला त्याची काळजी वाटली आणि खरं सांगायचं तर सुटकाही वाटली. सहा महिने तरी ते 'हो, हेच, या' ऐकावं लागणार नव्हतं.

नातू झाला. दोन महिन्यांचा झाला. एका रविवारी दोन्ही मुलांना हितेंद्रजवळ ठेवून ज्योत्स्ना आईला म्हणाली, "माय, चाल. आज तुले एक नाव दखाडस." बिचाऱ्या पोरीला वाटलं, मिस्तरी घरातली बाई, खूश होईल. नावेचं नाव काढलं की आईला पाण्याखाली जाणारी शिंगं आठवतात, हे तिला कुठून माहीत असणार? झुंबरबाई गुमान चपला घालून निघाली.

दक्षिण फ्रान्समधलं मोठ्या नदीकाठचं जुनं शहर होतं ते, आणि नदीला लागूनच संग्रहालय. आत शिरल्याबरोबर पांढऱ्याशुभ्र दगडाचे राजे उभे. कुणाचं नाक उडालेलं, कुणाचा हात गेलेला. झुंबरबाईनं त्यांच्याकडे पाहिलं न पाहिलं केलं. मग एक वळण आलं, आणि पुढं जमीनच संपली. कठडा होता, आणि कठड्याच्या खाली लांबलचक खड्ड्यात, मंद उजेडात, एक नाव होती.

काळीभोर. शंभर फूट लांब. या टोकाला उभं राहिलं तर त्या टोकाची माणसं लहान दिसत होती. ज्योत्स्ना पाटी वाचून सांगू लागली, की ही रोमन लोकांच्या वेळची, दोन हजार वर्षांपूर्वीची, दगड भरून चालली होती, काठाला लावलेली असताना नदीला लोंढा आला आणि जागच्या जागी बसली. झुंबरबाईनं दोन हजार वर्षं मोजायचा प्रयत्न केला. तिला माहीत असलेल्या मिस्तरी घराच्या पिढ्या चार. चार पिढ्या म्हणजे शंभर-सव्वाशे वर्षं. त्याच्या मागं तिला कुणाचं नावसुद्धा ठाऊक नव्हतं, आणि ही नाव त्या सगळ्यांच्या कितीतरी मागं पाण्यात गेलेली. तिचा आकडा हातातून सुटला. तिनं कठडा घट्ट धरला.

आणि मग तिनं नावेकडे नीट पाहिलं, मिस्तरीच्या घरातली बाई पाहते तसं. तळ सपाट. आडव्या बरगड्या जवळजवळ, ओझं पेलणाऱ्या. पुढचं टोक उतरतं, काठाला टेकवून माल चढवायला. कुऱ्हाडीचे घाव अजून दिसत होते. मिस्तरी कुठं उभा राहिला असेल आणि कुठल्या बाजूनं वाकला असेल, हेही तिला दिसत होतं. "हाई तं नदीनी नाव शे," ती एकदम मोठ्यानं म्हणाली. "समुद्रनी नही. हाई आपलीज नाव शे!" शेजारचे दोन गोरे म्हातारे दचकून बघायला लागले. तिच्या अंगावर सरसरून काटा आला होता आणि डोळे भरले होते. सात समुद्र ओलांडून ती आली होती, आणि इथं, तापीचं नावही न ऐकलेल्या माणसांनी, कुणी न शिकवता, तिच्या नवऱ्याचीच नाव बांधून ठेवली होती. देव एक नसेलही कदाचित, पण लाकूड आणि पाणी सगळीकडे एकच आहे, असं तिला त्या क्षणी वाटलं, आणि एवढं मोठं काहीतरी आपल्यासारख्या बाईला कळावं याचीच तिला भीती वाटली.

ज्योत्स्ना पुढचं सांगत होती. नाव पाण्याबाहेर काढली असती तर वाळून भुगा झाली असती. म्हणून कापून, तुकडे करून काढली, लाकडातलं पाणी कणाकणानं घालवलं आणि त्या जागी मेणासारखं औषध मुरवलं. वर्षं लागली. मग फळीला फळी पुन्हा जोडली. झुंबरबाई ऐकत राहिली. बुडालेल्या नावेची एवढी बडदास्त! तिला माहीत असलेल्या जगात बुडालेल्या नावेकडे माणसं पाठ फिरवतात.

सगळे लोक नावेची लांबी बघत होते. झुंबरबाई कठड्याच्या कडेकडेनं चालत फटी बघत होती. फळी आणि फळीच्या मधल्या त्या काळ्या रेघा. बघता बघता तिचा उजवा हात मांडीवर गेला आणि लुगड्याच्या काठावर आपोआप वळू लागला, पुढं मागं, पुढं मागं.

संग्रहालयातल्या एका पांढऱ्या केसांच्या बाईनं ते पाहिलं. तिच्या गळ्यात पाटी होती, म्हणजे तिथलीच असणार. जवळ येऊन तिनं ज्योत्स्नाला काही विचारलं. ज्योत्स्ना हसून म्हणाली, "माय, ती इचारस, तू मांडीवर काय करी राहिनी?"

"सांग तिले, चिंधी वयस. फटीमा भराले."

फटीत भरायची चिंधी वळतेय, एवढं ज्योत्स्नानं सांगितलं मात्र, त्या बाईचे डोळे विस्फारले. तिनं झुंबरबाईचा हातच धरला आणि त्यांना एका कोपऱ्यातल्या काचेच्या पेटीजवळ घेऊन गेली. आत बोटभर लांबीचा एक काळा तुकडा होता. कुणी सांगितलं नसतं तर वाळलेली साल वाटली असती. झुंबरबाई काचेला नाक लावून वाकली. तुकड्याला घडी होती. घडीच्या कडेला टाके होते. सरळ, बारीक, एकसारखे टाके, आणि एका जागी वेगळ्या विणीचा चौकोन वरून शिवलेला.

"ठिगळ शे," ती म्हणाली. "हाई कोनातरी बाईना आंगवरनं शे."

भाषांतर व्हायच्या आधीच ती पांढऱ्या केसांची बाई मान हलवू लागली होती. ज्योत्स्नानं सांगितल्यावर ती म्हणाली, हो, आम्हालाही तसंच वाटतं. लोकरीचं कापड, अंगावर वापरून झिजलेलं, ठिगळ लावलेलं, शेवटी पट्ट्या करून राळेत बुडवून फटीत ठोकलेलं. अंगावर घालणारी बाई होती की बाप्या, ते मात्र ठाऊक नाही. झुंबरबाईला ठाऊक होतं. ठिगळ लावताना टाका असा आत वळवायचा की अंगाला टोचू नये, हे बाप्याला सुचत नाही. बाहेर राजांची नाकं गेली होती आणि इथं एका फाटक्या कपड्याच्या बाईचा टाका शाबूत होता. तिचं नाव कुणाला माहीत नव्हतं, तिची भाषा आता कुणी बोलत नव्हतं. पण ती मांडीवर कशी वळत असेल, ते झुंबरबाईच्या मांडीला माहीत होतं. तिनं हात जोडले. नावेला नाही, त्या ठिगळाला.

मग तिनं एक प्रश्न विचारला, आणि तो विचारला नसता तर पुढचं काहीच घडलं नसतं. "इतकं कायं व्हयेल शे. मंग यास्ले कसं समजनं, हाई लोकर शे म्हनीसन?"

पांढऱ्या केसांच्या बाईनं उत्साहानं समजावलं. कापड कितीही काळं होऊ द्या. एक धागा काढायचा, भिंगाखाली ठेवायचा. कुठल्या जनावराची लोकर, पीळ उजवा की डावा, किती झिजलेली, सगळं कळतं. ज्योत्स्नानं तितक्याच उत्साहानं आईला सांगितलं, "ती सांगस, काहीज लपत नही, माय. दोन हजार वरीस जावोत की चार हजार."

झुंबरबाई काचेपासून मागं सरली. डांबरात सगळ्या चिंध्या काळ्याच, या भरवशावर ती चौतीस वर्षं जगली होती. आणि लोकर जर इतकी टिकते, तर नायलॉनचं विचारायलाच नको. तापीच्या गाळात सागाची फळी कदाचित कुजेल, खिळा गंजेल, पण ते पोपटी पातळ तसंच राहील. कधीतरी कुणी ती नाव काढील, भिंग लावील आणि म्हणेल, मिस्तरी चोख होता हो, चिंधीत खोट होती. हे सगळ्या जगाला कळेल, आणि ज्याला कळायला हवं तो बुडव्या म्हणूनच मरून गेलेला असेल.

ती बाकावर बसली. समोर नावेभोवती माणसं वाकवाकून बघत होती, सांध्यांकडे बोटं दाखवत होती. ती पांढऱ्या केसांची बाई ज्योत्स्नाला सांगत होती, की ज्या नावा बुडाल्या नाहीत त्या मोडून लोकांनी सरपण केलं, बुडाली म्हणून ही एवढी राहिली. हीसुद्धा बुडालेलीच नाव. पण इथं बांधणाऱ्याला कुणी बुडव्या म्हणत नव्हतं. त्याच्या हाताची दुनिया वाहवा करत होती, आणि तेच हात असलेला माणूस तिकडे चोपडा तालुक्यात खाटेचे पाय ठोकत होता.

"माय, दमनी का?" ज्योत्स्नानं विचारलं.

"नही. त्या सांधासना फोटू काढ. बठ्ठासना. आखो जवय जाय." ज्योत्स्नानं कठड्यावरून वाकून सगळ्या सांध्यांचे जवळून फोटो काढले.

पुढचे तीन महिने रोज फोनवर उखर्डूचा चेहरा दिसायचा. तिनं सांगितलं नाही. असली गोष्ट फोनवर सांगायची नसते, समोरचा फोन ठेवून देऊ शकतो आणि आपणही ठेवून देऊ शकतो. ती परत आली, दोन दिवस बॅगा आणि पाहुणे आवरले, आणि तिसऱ्या दिवशी दुपारी फोन घेऊन ओट्यावर आली. उखर्डू रंधा मारत बसला होता. तिनं नावेचा फोटो त्याच्यापुढं धरला.

नाव दिसताच त्यानं मान वळवली. चौतीस वर्षं तो हेच करत आला होता. "दोन हजार वरीसनी शे," ती म्हणाली. तरी तो बघेना. "सांधा दखा," ती म्हणाली, आणि मिस्तरी शेवटी मिस्तरीच. त्याची नजर हळूच परत आली.

त्यानं रंधा खाली ठेवला, हात धोतराला पुसले आणि फोन घेतला. बोटांनी फोटो मोठा कसा करायचा, ते तिनं दाखवलं. मग तो जो बुडाला त्यात, तो बुडालाच. बरगडी कुठं वाकवली, कुठं नैसर्गिक वाकाचं झाड शोधून आणलं. खिळा आतून मारला की बाहेरून, मारून टोक वळवलं की नाही. एका फोटोवरून दुसऱ्यावर, पुन्हा मागं. मध्येच स्वतःशी 'वा' म्हणायचा. मध्येच जीभ टाळ्याला लावून चक् करायचा. झुंबरबाईनं त्याला असं बोलताना पाहिलं होतं त्याला इतकी वर्षं झाली होती की तिला तो तरुणच दिसायला लागला.

"दोन हजार वरीस," तो म्हणाला. "पाणीमा. आनि सांधा मिटेलना मिटेल." त्याचा आवाज देवळात बोलावं तसा खाली आला होता. त्यानं फोन कपाळाला लावला आणि मग तिच्या हातात परत दिला. "हाऊ खरा मिस्तरी, ज्योत्स्नानी माय. मना हातनी नाव एक पावसाया बी टिकनी नही."

तिला आता मागं फिरायला जागा नव्हती. "टिकती," ती म्हणाली. "तुमना सांधा उघडनाज नव्हता."

त्यानं वर पाहिलं.

"फटीसमा मी सूत भरं नही. मना आंगवरनं नायलॉन भरं. मायनं लुगडं मी पोरगीसाठे ठी लिन्हं." मग तिनं सगळं सांगितलं. डबा, कापडवाला, डांबर, झुडपातल्या तीन चिंध्या, चुलीत पडलेले थेंब. कुठं थांबली नाही, कुठं स्वतःची बाजू घेतली नाही. सांगून झालं आणि ती ओट्याच्या कडेला अंग चोरून बसली. आता हा माणूस उठेल आणि निघून जाईल, असं तिला वाटलं. किंवा हाकलून देईल. दोन्हींसाठी तिची तयारी होती.

उखर्डूनं रंधा उचलला, पुन्हा खाली ठेवला. मग त्यानं विचारलं, "म्हनजे मना सांधा उघडना नही?"

"नही."

"एक बी?"

"एक बी नही. चिंध्या घसरीसन निंघन्यात. फळी फळीले धरीसन व्हती."

त्यानं चष्मा काढला. दोन्ही हात मांडीवर उताणे ठेवले आणि त्यांच्याकडे बघत राहिला. बोटं एकेक करून मिटली, उघडली. मग हात पालथे केले आणि पुन्हा बघू लागला. त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचं त्याच्या लक्षातही आलं नाही. रस्त्यानं जाणाऱ्या कुणीतरी रामराम घातला, तोही त्याला ऐकू गेला नाही.

झुंबरबाईला ते सोसवेना. "काहीतरी बोला," ती रडत म्हणाली. "चौतीस वरीस मी तोंड शिवीसन बसनू. राग करा ना मनावर."

"करसू ना राग," उखर्डू म्हणाला. त्याची नजर हातांवरून हलली नव्हती. "सकाय उठीसन करसू. आज माले नुसतं बसू दे."